म्हातारे राक्षस

ज्या वाचकांच्या घरी आठ-दहा वर्षांचे नातवंड आहे, त्यांना माझे म्हणणे सहज पटावे. हल्लीच्या मुलांना बागुलबुवाचे भय उरलेले नाही. उलट, जितका अक्राळविक्राळ प्राणी, तितका तो त्यांच्या प्रेमाचा. माझ्या नऊ वर्षांच्या नातवाच्या खेळण्यांच्या टोपलीत घोडे-हत्ती अभावानेच सापडतील. पण शेपटीवर काटे असलेले, तोंडातून ज्वाळा सोडणारे रबरी राक्षस मात्र डझनभर आहेत. त्या सर्वांचा राजा जपानी बोलपटांतला गॉडझिला. त्याचे वजन, त्याची उंची, त्याचे शत्रू आणि त्याचे मित्र या विषयांत आमचे चिरंजीव पारंगत आहेत. पाढे विचारले तर तेराच्या पाढ्यावर गाडी अडते, ही गोष्ट वेगळी.

या नातवाला घेऊन मी गेल्या मे महिन्याच्या अखेरीस धारवाडहून जोयड्याला गेलो होतो. जाण्याचे कारण मात्र आनंदाचे नव्हते. जोयडा तालुक्यात, मुख्य रस्त्यापासून थोडे आत, माझे धाकटे चुलते राहतात. वय सत्त्याऐंशी. दोन वर्षांपूर्वी काकू गेल्या, तेव्हापासून कौलारू घरात एकटेच. मुलगा पुण्याला. त्याचा मला फोन आला होता : "दादा, पावसाळ्याच्या आत त्यांना तुझ्याकडे ने. माझे ते ऐकत नाहीत, तुझे ऐकतील." काकांनी आयुष्यात कधी कोणाचे ऐकल्याचे मला आठवत नाही, तरीही निघालो. आमच्या सदनिकेतली मागची खोली आवरून ठेवली होती. पलंग, पंखा, घंटीचे बटण, आठवड्यातून दोनदा येणारी परिचारिका, सगळी योजना तयार होती. फक्त ती ज्यांच्यासाठी होती, त्यांना विचारावयाचे राहिले होते.

हल्याळ, दांडेली मागे टाकून गाडी जंगलात शिरली आणि गणेशगुडीला सुपा धरण दिसले. या भागाशी परिचय नसलेल्या वाचकांसाठी दोन शब्द सांगितले पाहिजेत. आज ज्याला जोयडा तालुका म्हणतात, तो पूर्वी सुपा तालुका म्हणून ओळखला जाई. काळी आणि पांढरी या दोन नद्यांच्या संगमावर सुपा हे गाव होते आणि तेच तालुक्याचे ठाणे होते. काळी नदी याच तालुक्यात डिग्गीच्या परिसरात उगम पावते आणि १८४ किलोमीटर वाहून कारवारजवळ समुद्राला मिळते. विजेसाठी तिच्यावर बांधलेले हे धरण १९८७ साली पुरे झाले. सुपा गाव पाण्याखाली गेले, ठाणे जोयड्याला आले. उठलेल्या कुटुंबांपैकी पुष्कळ रामनगरला वसली, काही इकडेतिकडे पांगली. माझे काका सुप्याचे शाळामास्तर होते. ते जोयड्याजवळ राहिले.

धरणाची उंची १०१ मीटर. नातवाने मान वर करून ते नीट न्याहाळले आणि विचारले, "आजोबा, इथे गॉडझिला उभा राहिला तर कुठपर्यंत येईल?" उत्तरही त्यानेच दिले. १९५४ सालचा पहिला गॉडझिला ५० मीटरांचा. तो जेमतेम निम्म्यावर येईल. पण २०१४ सालच्या अमेरिकन बोलपटातला १०८ मीटरांचा आहे; तो पलीकडून मान वर करून आपल्याकडे पाहू शकेल. धरणाच्या पलीकडे, त्या पाण्यात, माझ्या लहानपणच्या मे महिन्याच्या सुट्ट्या बुडालेल्या आहेत, हे त्याला सांगावेसे वाटले. पण सांगितले नाही.

त्या सुट्ट्यांमधला राक्षस म्हणजे माझे काका. हे लिहिताना संकोच वाटतो, पण खोटे लिहिण्यात अर्थ नाही. सत्तरच्या दशकात आम्ही मुले धारवाडहून सुप्याला जात असू, तेव्हा नदीत डुंबणे, फणस, करवंदे, ओटीवरची झोप, सगळे स्वर्गीय असे. फक्त काकांची गर्जना सोडून. त्यांचा आवाज उठला की गोठ्यातली वासरे कान टवकारीत. आम्ही त्यांना आपसांत 'कुंभकर्ण' म्हणत असू. काकू कधी कधी म्हणत, "पूर्वी असे नव्हते हो ते." आमचा त्यावर विश्वास बसत नसे.

एक प्रसंग तर मी चाळीस वर्षे मनात ठेवला होता. गाव उठले तेव्हा सामान हलवायला मदत म्हणून वडिलांनी मला पाठविले. मी तेव्हा विशीत. ट्रक भरत आला होता, जागा उरली नव्हती. काकूंचा पाटा-वरवंटा खाली राहिला होता. मी म्हटले, "राहू दे की हा दगड, नवा घेता येईल." काका माझ्यावर असे ओरडले की ट्रकचा चालक खाली उतरून पाहू लागला. भरल्या गावात, उघड्या पडलेल्या घरासमोर, चार माणसांदेखत. मी त्याच संध्याकाळच्या गाडीने धारवाडला परतलो आणि पुढे दोन वर्षे त्यांच्याशी बोललो नाही. मग बोलणे सुरू झाले, येणे-जाणे झाले. पण मनातली गाठ तशीच राहिली. दगडासाठी माणसाला टाकून बोलणारा माणूस!

आता तेच काका ओटीवर आरामखुर्चीत बसले होते. देह अजून थोराड, पण कपडे दोन मापे मोठे वाटत होते. आवाज बसलेला. मी मुद्दाम पहिल्या दिवशी विषय काढला नाही. शेजारच्या कुणबी बाईने आणून दिलेल्या मुडलीची भाजी आणि भात असे आमचे जेवण झाले. मुडली म्हणजे या भागात पिकणारा अळूच्या जातीचा भलामोठा कंद. जोयड्याचे कुणबी अशा कंदांसाठी प्रसिद्ध आहेत, आणि येथे कंदमुळांचा मेळावाही भरतो. दुपारी बाहेर ऊन रणरणत होते. भ्रमणध्वनीला तिथे धड संदेशलहरी मिळत नाहीत. पण नातवाने घरूनच आपल्या टॅबमध्ये बोलपट भरून आणले होते. त्याने पणजोबांच्या खुर्चीशेजारी मोडा ओढला आणि विचारले, "गॉडझिला बघणार?"

मला वाटले, आता गर्जना होणार. काका म्हणाले, "दाखव."

लागलेला बोलपट होता 'सन ऑफ गॉडझिला', १९६७ सालचा. भाषा जपानी, नातू अर्थ सांगत होता. त्यात गॉडझिलाला एक पोर सापडते आणि तो भयंकर प्राणी बाप होतो. पोर अंगावर उड्या मारते, शेपटीशी खेळते. बाप झोपू पाहतो, पण पोर झोपू देत नाही. पुढे पोराला ज्वाळा सोडावयास शिकविण्याचा धडा आहे. पोराच्या तोंडून नुसती धुराची कडी बाहेर पडते. शेवटी बाप त्याच्या शेपटीवर पाय देतो, आणि खरी ज्वाळा बाहेर पडते.

काका इतके हसले की त्यांना ठसका लागला. "बरोबर आहे! मास्तर दिसतोय हा. शेपटीवर पाय दिल्याशिवाय कोणाला काही येत नाही." मग थोडा वेळ पाहून म्हणाले, "दमलेला आहे रे बिचारा."

मी आजवर या प्राण्याकडे नीट पाहिलेच नव्हते. काका म्हणत होते ते खरे होते. डोळ्यांवर जडशी पापणी, चालण्यात एक प्रकारचा नाइलाज, लढाई समोर आली की 'आता हेही मलाच करावे लागणार' असा भाव. घराघरांतून रोज संध्याकाळी कामावरून परतणाऱ्या माणसाचा तो चेहरा होता. बोलपटाच्या शेवटी बर्फ पडू लागतो, आणि बाप-लेक एकमेकांना कवटाळून त्या बर्फात झोपी जातात. तो भाग आला तेव्हा ओटीवर कोणी बोलले नाही.

मग काकांनी विचारले, "हे चालविते कोण? यंत्र?"

त्यासंबंधी मी नातवाच्या नादाने थोडेफार वाचले होते. आत माणूस असतो, असे मी सांगितले. पहिल्या बोलपटात हारुओ नाकाजिमा नावाचा तरुण नट त्या सोंगात शिरला. ते पहिले सोंग सुमारे शंभर किलो वजनाचे होते. आत वारा नाही, प्रखर दिव्यांची आग वेगळीच, काही मिनिटांत माणूस घामाने निथळून जाई. मोठ्या जनावरांची चाल कशी असते हे कळावे म्हणून हे गृहस्थ प्राणिसंग्रहालयात जाऊन हत्ती आणि अस्वले पाहात बसत. १९५४ पासून १९७२ पर्यंत ओळीने बारा बोलपटांत ते गॉडझिला झाले आणि २०१७ साली, अठ्ठ्याऐंशीव्या वर्षी वारले.

"म्हणजे आत माणूस असतो," काका स्वतःशीच म्हणाले.

ते आणखी पाहू लागले. मीही सांगत गेलो. गॉडझिला जन्मला तो गंमत म्हणून नव्हे. १९५४ सालच्या मार्च महिन्यात अमेरिकेने पॅसिफिक महासागरात हायड्रोजन बॉम्बचा स्फोट केला. त्याची राख एका जपानी मासेमारी नौकेवर पडली. तेवीस खलाशी आजारी पडले, आणि नौकेचा बिनतारी यंत्र चालविणारा सप्टेंबरात मरण पावला. हिरोशिमा-नागासाकीला तेव्हा नऊच वर्षे झाली होती. त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात इशिरो होंडा या दिग्दर्शकाचा बोलपट आला. बॉम्बच्या स्फोटांनी समुद्रतळाचा एक पुरातन प्राणी हुसकला जातो, स्वतः भाजलेला असतो, आणि टोकियोवर चालून येतो, अशी त्याची कथा. माणसांनी केलेले पाप त्या प्राण्याच्या पाठीवर लादलेले. त्याची ती सुप्रसिद्ध आरोळी कोणत्याही जनावराची नाही. राळ लावलेला चामडी हातमोजा एका थोरल्या तंतुवाद्याच्या सैल केलेल्या तारांवर घासून संगीतकार अकिरा इफुकुबे यांनी ती काढली. ऐकताना ती धमकी वाटते. जरा कान देऊन ऐकले की विव्हळणे वाटते.

आपल्याकडेही हा प्रयोग झाला होता. १९६६ साली 'गोगोला' नावाचा हिंदी बोलपट निघाला. दिग्दर्शक बलवंत दवे. त्यातला राक्षसही समुद्रातून येई. त्याची प्रत आज कोठे पाहावयास मिळत नाही. तलत महमूद यांच्या आवाजातले एक गाणे तेवढे लोकांच्या कानांत राहिले आहे. राक्षस गेला आणि गाणे उरले!

पण मूळ मुद्दा म्हातारपणाचा. हा जपानी राक्षस जसजसा वर्षे काढीत गेला, तसतसा लोकांनी त्याला माफ केला. पहिल्या बोलपटात तो मारावयाचा शत्रू होता. साठच्या दशकाच्या अखेरीस तो राखणदार झाला, बाप झाला. १९९५ सालच्या बोलपटात त्याचे काळीज आतल्या आतच तापत जाते आणि तो वितळून मरतो; तेव्हा त्याच्यावर गोळ्या झाडणारेही हळहळतात. २०१४ सालच्या बोलपटात लढाई संपल्यावर तो नगराच्या काठावर कोसळून पडतो, सकाळी उठतो आणि मुकाट्याने समुद्राकडे चालू लागतो. माणसांच्या आभारासाठीही तो थांबत नाही.

नातवाला या चर्चेत रस नव्हता. त्याने पणजोबांना पुढची माहिती पुरविली. १९६८ सालच्या एका बोलपटात सगळ्या राक्षसांना एका बेटावर ठेवले आहे. तिथे त्यांना खायला-प्यायला सर्व काही मिळते, त्यांच्यावर शास्त्रज्ञ लक्ष ठेवतात, कोणी आजारी नाही ना ते पाहतात.

"आणि बाहेर जायचे म्हटले तर?" काकांनी विचारले.

"नाही जाता येत. कुंपण असते. दिसत नाही, पण असते."

काका माझ्याकडे पाहून म्हणाले, "म्हणजे वृद्धाश्रमच म्हणायचा."

माझ्या खिशात सदनिकेच्या त्या खोलीची छायाचित्रे होती. पंखा, पलंग, घंटीचे बटण. ती मी बाहेर काढली नाहीत.

संध्याकाळी नातू अंगणात धनेश पक्षी पाहण्यात रमला. काका ओटीवर, मी पायरीवर. कुंभकर्ण हे टोपणनाव आठवून मला लाज वाटत होती. आपण कुंभकर्णाची झोप तेवढी लक्षात ठेवली. वाल्मीकींचा कुंभकर्ण जागा होतो तेव्हा आधी रावणाला सुनावतो : कोणाला न विचारता हे केलेस, ते चूक केलेस. एवढे बोलून, आपला पक्ष चुकीचा आहे हे ठाऊक असताना, भाऊ म्हणून रणात जातो आणि पडतो. जगाचा वीट आलेला, पण कर्तव्यातून न सुटलेला असा राक्षस आपल्या घरी जपान्यांच्या कितीतरी आधी होऊन गेला आहे.

आणि सोंगात शिरणारा माणूसही आपल्या शेजारीच होता. याच उत्तर कन्नड जिल्ह्यातले चिट्टाणी रामचंद्र हेगडे हे यक्षगानातले थोर नट. भस्मासुर, कीचक अशा भूमिकांसाठी त्यांची कीर्ती. २०१२ साली त्यांना पद्मश्री मिळाली, आणि ऐंशी ओलांडल्यावरही ते पायांत घुंगरू बांधून रंगमंचावर उभे राहात. तेही नाकाजिमांप्रमाणे २०१७ सालीच गेले. याच जिल्ह्यातल्या याण येथील काळे सुळके म्हणजे भस्मासुराच्या राखेची जागा, असे लोक मानतात. भस्मासुर क्षणात राख झाला. पण त्याचे सोंग घेणारा माणूस म्हातारा होईपर्यंत रात्ररात्र नाचत राहिला.

मी हे काकांना सांगत होतो. ते ऐकत होते की नाही, कोण जाणे. अंधार पडू लागला तेव्हा ते एकाएकी बोलू लागले.

"नोटिसा मी वाचायचो. तुला ठाऊक आहे?"

मला ठाऊक नव्हते.

"कानडीत यायच्या, कधी इंग्रजीत. कुणबी वाड्यांतून वाचणारे कोण? शाळामास्तर. अमुक सर्व्हे नंबर, इतके गुंठे, इतकी फणसाची झाडे, इतकी भरपाई, अमुक दिवसाच्या आत जागा मोकळी करा. पहिल्या पहिल्यांदा लोक पाट मांडून चहा द्यायचे. नंतर नंतर मी पायवाटेवर दिसलो की बाया दार लोटून घ्यायच्या. मास्तर आला की घर जाते, अशी म्हणच पडली. पाणी जणू मीच आणणार होतो."

मी गप्प राहिलो.

"आधी मी हळू आवाजात सांगत असे. लोक रडायला लागायचे. मग मलाही आवरत नसे. रडणारा माणूस तिथेच बसून राहतो रे, उठत नाही. आणि पाणी काही थांबणारे नव्हते. एकदा चिडून ओरडलो, तर लोक रागावले. मला शिव्या देत सामान बांधू लागले. तेव्हा कळले, रागावलेला माणूस हलतो. मग मी ओरडतच राहिलो. वाडीत ओरडायचो, तोच आवाज घेऊन घरी यायचो. तुझ्या काकूने सोसले. तुम्ही पोरांनी सोसले."

थोड्या वेळाने ते म्हणाले, "त्या दिवशी तुला बोललो, ते चुकले माझे. घर उचलून नेता येत नव्हते. तो दगड तेवढा नेता येत होता."

पाटा मागच्या दाराशी, फणसाखाली अजून आहे. दुसऱ्या दिवशी पहाटे मी तो पाहून आलो. काकूंच्या हाताने त्याचा मध्य खोलगट झालेला आहे. चाळीस वर्षे मी ज्याला दगडासाठीचा संताप समजत होतो, तो एका माणसाने दुसऱ्यांसाठी अंगावर घेतलेल्या सोंगाचा घाम होता. माझ्या जवळ त्यांना द्यायला शब्द नव्हते. मी तिथले पालापाचोळ्याचे ओझे उचलून परसात टाकले, एवढेच.

आपणा महाराष्ट्राबाहेर वसलेल्या घरांतून अशी माणसे पुष्कळ असतील, असे मला वाटते. कोणी परक्या मुलखात दुकान उभे केले, कोणी रेल्वेत बदल्या सोसल्या, कोणी धाकट्या भावांची शिक्षणे केली. परक्या भाषेतली नोटीस आधी त्यांनी वाचली आणि मग घरात ओरडून सांगितली. ते ओरडणे आम्ही लक्षात ठेवले, नोटीस विसरलो. आता ते दमले आहेत, म्हणून आम्हांला त्यांची दया येते. पण दया हेही एक न दिसणारे कुंपण आहे. खाणे-पिणे, औषधपाणी, पंखा, घंटी. सगळे द्यावयाचे, फक्त काम तेवढे द्यावयाचे नाही.

आपल्या रामायणात एक म्हातारा आहे, त्याचे मला त्या पहाटे स्मरण झाले. समुद्रकाठी सगळे वानर हताश बसले आहेत. जो तो आपली उडी सांगतो. वृद्ध जांबवान म्हणतो, तरुणपणी मी त्रिविक्रमाला प्रदक्षिणा घातली होती. आता नव्वद योजने जाईन, त्यापुढे नाही. उडी त्याने मारलीच नाही. पण कोपऱ्यात गप्प बसलेल्या मारुतीला त्याच्या बळाची आठवण त्यानेच करून दिली. तो नसता तर समुद्र तसाच राहिला असता.

निघण्याच्या दिवशी सकाळी मी अखेर विषय काढला. योजना नव्हे, नुसती विनंती. काका म्हणाले, "तिथे येऊन मी करू काय?" मला उत्तर सुचेना. तेवढ्यात नातू एक जुने मराठी पुस्तक घेऊन आला. मुखपृष्ठावर राक्षसाचे चित्र होते, म्हणून त्याने ते कपाटातून काढले होते. "आजोबा, यावर काय लिहिले आहे?"

"तूच वाच की," काका म्हणाले.

"मला मराठी वाचता येत नाही."

"म्हणजे? बाराखडी?"

"शाळेत इंग्रजी आहे, कानडी आहे." मी सारवासारव करू लागलो. "घरी बोलतो तो छान. वाचायचे म्हणजे… वेळच मिळत नाही, काका…"

"काय म्हणालास?"

वाचकहो, ती गर्जना मी चाळीस वर्षांनी ऐकली. फणसावरचे कावळे उडाले. शेजारची कुणबी बाई कुंपणापाशी येऊन उभी राहिली. "नऊ वर्षांचा घोडा झाला आणि याला बाराखडी येत नाही? तू काय करीत होतास? तुझा मुलगा काय करीत होता? तुला अक्षर मी शिकविले, ते काय याच दिवसासाठी?" मी साठी उलटलेला माणूस मान खाली घालून उभा होतो, आणि खरे सांगतो, मला फार बरे वाटत होते.

नातू मात्र टाळ्या वाजवीत नाचू लागला. "आजोबा, हा खरा! हा खरा आवाज!"

काका खुर्चीत टेकले. दम लागला होता. मग म्हणाले, "चार महिने येतो. आषाढ ते आश्विन. दसरा झाला की परत इथे. आणि दिवाळीच्या सुट्टीत या पोराने इकडे यायचे. कबूल?" मी कबूल म्हणालो. पाटा बरोबर घ्यायचा का, असे मी विचारले. "नको," ते म्हणाले, "परत यायचे आहे ना."

हा मजकूर लिहीत असताना श्रावण चालू आहे. मागच्या खोलीतल्या घंटीचे बटण अजून कोणी दाबलेले नाही. रोज सकाळी सातला त्या खोलीत शाळा भरते. काल जोडाक्षरे सुरू झाली. 'क्ष' काही केल्या जमेना, तेव्हा आतून आवाज वाढला आणि माझी सून घाबरून स्वयंपाकघरातून बाहेर आली. मी तिला खुणेने थांबविले. आतून नातवाचा आवाज आला, आधी अडखळत, मग मोठ्याने : "रा… क्ष… स!"

नंतर दोघांच्या हसण्याचा आवाज आला.